गाणेमास्तरांची तुकडी

एल्डर ग्रोव्ह गावात एनॉस हॅडलीचा कुणालाच राग येत नसे, आणि एवढ्याच कारणामुळे तो कॅप्टन झाला.

१८६१ चा ऑगस्ट होता. दक्षिणेची राज्यं फुटून निघाली होती आणि इलिनॉयच्या गावागावांतून घोडदळाच्या स्वयंसेवक तुकड्या उभ्या राहत होत्या. एल्डर ग्रोव्ह आणि आसपासच्या वस्त्यांवरून सत्त्याऐंशी जण जमले. घोडे बहुतेकांचे घरचेच, नांगराचे नाहीतर बग्गीचे. आपला कॅप्टन आपणच निवडायचा असा स्वयंसेवकांचा रिवाज. गिरणीवाला उभा राहिला, वकील उभा राहिला, आणि दोघांच्या माणसांची जत्रेच्या मैदानावर अशी जुंपली की लढाई सुरू व्हायच्या आतच दोघांचे दात पडले. शेवटी मागून कुणीतरी ओरडलं, "अरे, मग गाणेमास्तरांनाच करा की!"

गाणेमास्तर, म्हणजे एनॉस, त्या वेळी झाडाखाली बसून कलिंगड खात होते.

चौतिशीचा, सडा माणूस. हिवाळाभर गावोगाव फिरून तो चर्चमधलं गाणं शिकवायचा. शंभर गळ्यांतला एक बेसूर गळा डोळे मिटून शोधून काढायचा, आणि तोही असा की त्या माणसाला वाईट वाटू नये. तुकडीतल्या निम्म्या पोरांना त्यानेच सूर लावायला शिकवलं होतं. पण घोड्यावर तो आयुष्यात चारदा बसला होता आणि त्यातल्या तीन वेळा पडला होता.

"मला यातलं काही कळत नाही," तो प्रामाणिकपणे म्हणाला.

"आम्हाला तरी कुठं कळतंय?" रूबेन क्रॅब म्हणाला. हा गॅलीनाच्या खाणीतलं शिसं वाहणारा गाडीवान. दाढी विस्कटलेली, जीभ तिखट. "पण तुम्ही निदान ओरडत तरी नाही, मास्तर."

क्रॅब सार्जंट झाला. एनॉसला घोड्यावर बसायला शिकवायचं कामही त्याच्याच गळ्यात पडलं. रोज सकाळी कवायतीच्या मैदानावर कॅप्टन खोगिरावर आदळत असायचा आणि सत्त्याऐंशी माणसं ओठ दाबून समोर बघत असायची.

"मास्तर, घोडा काय तुमच्या तालात चालणार नाही," क्रॅब म्हणायचा. "तुम्ही त्याच्या तालात बसा. ताल तर तुम्हाला कळतो ना?"

हे एनॉसला पटलं. पंधरा दिवसांत तो पडायचा थांबला.

पण कॅप्टन होणं म्हणजे नुसतं न पडणं नव्हे, हे पुढच्या वसंतात टेनेसीमध्ये कळलं. एका अरुंद गल्लीत, दोन्ही बाजूंना उंच कुंपणं असताना, समोरून गोळ्या आल्या. मागे फिरायचं की कुंपण तोडून रानात शिरायचं? एनॉसने क्रॅबला विचारलं. मग लेफ्टनंटला विचारलं. मग, कुणालाही खरं वाटणार नाही, शेजारच्या शिपायालाही विचारलं. तेवढ्या वेळात तीन माणसं खोगिरावरून खाली आली आणि पुन्हा उठली नाहीत. तिघांनाही त्याने गाणं शिकवलं होतं.

तिघांच्या घरी पत्रं लिहून झाल्यावर त्याने चौथा कागद घेतला, राजीनामा लिहिला आणि कर्नलकडे पोचवायला क्रॅबच्या हातात दिला. क्रॅबने तो वाचला. वाचायला त्याला वेळ लागायचा, पण वाचला. मग घडी घालून परत दिला.

"तुम्ही गेलात की नवा कॅप्टन येणार. बरोबर?"

"हो. माझ्यापेक्षा चांगला."

"असेल. पण तोही पहिल्या खेपेला चुकणारच. तुमची चूक होऊन गेली, मास्तर. तिची किंमत आम्ही भरली. आता दुसऱ्याच्या चुकीसाठी आणखी तीन माणसं कुठून आणू?"

एनॉसने तो कागद खिशात घातला. तो राहिला.

राहिला आणि शिकला. आधी घोड्यांची चंदी, मग माणसांचं जेवण. तासभर घोड्यावर, तर दहा मिनिटं उतरून पायी. पाठ सोलवटलेल्या घोड्याचं खोगीर कुणी सांगायच्या आत उतरवायचं. गोळ्यांनी मेली त्याहून जास्त माणसं तापाने आणि हगवणीने गेली, म्हणून पाणी उकळून, कॉफी करूनच प्यायचं. त्याच्या कॉफीच्या आग्रहाला माणसं हसायची, पण प्यायची. दोन वर्षांत सत्त्याऐंशीचे एक्केचाळीस उरले होते, आणि त्या एक्केचाळिसांनी आता एकमेकांचं घोरणंही ओळखलं असतं. फक्त एक खोड गेली नाही. काहीही ठरवायचं झालं की एनॉस अजून चारचौघांना विचारायचा.

१८६४ च्या ऑगस्टमध्ये त्यांची पलटण मेम्फिसहून मिसिसिपी राज्यात खोलवर शिरली. रेल्वेचे रूळ उखडले, कोठारं जाळली, आणि नवव्या दिवशी परत फिरली. परत फिरताना मात्र ती एकटी नव्हती. प्रत्येक मळ्यातून गुलाम माणसं बाहेर पडत होती आणि मागून चालू लागत होती. बैलगाड्या, खेचरं, डोक्यावर गाठोडी, कडेवर पोरं. परतीच्या तिसऱ्या दिवशी ती रांग मैल-दीड मैल लांब झाली.

सायप्रस नदीवर एकच लाकडी पूल होता. पलटण सकाळी पार झाली. पिछाडी एनॉसच्या तुकडीकडे होती. मेजर लडलो पुलावर घोडा थांबवून म्हणाला, "हॅडली, शत्रूचे तीनेकशे स्वार मागावर आहेत. अकरा वाजता हा पूल पेटलेला दिसला पाहिजे."

"आणि ही माणसं, सर?"

"येतील तेवढी येतील," मेजर म्हणाला. एनॉसकडे न बघताच त्याने टाच मारली.

साडेनऊ झाले होते. रात्री पाऊस पडून गेला होता, फळ्या ओल्याचिंब होत्या. क्रॅबने पुलाच्या तुळईवर नख रोवून पाहिलं. "हे पेटायला अर्धा तास तरी जाईल. म्हणजे साडेदहाला काडी लावावी लागेल. अन् रांगेचं शेपूट इथं पोचायला पावणेबारा वाजणार. बैल काय पळत नाही."

तेवढ्यात एका उंच खेचरावरून एक बाई पुलापाशी आली. पन्नाशीची, डोक्याला निळं फडकं, पाठ ताठ. खेचराला खोगीर नव्हतं, पण ती त्यावर कर्नलपेक्षा बरी बसली होती.

"कॅप्टन कोण इथला?"

"मी. काय हवंय, मावशी?"

बाईने त्याला पायापासून डोक्यापर्यंत न्याहाळलं. "तुमच्या आईला मी कधी पाहिलं नाही, म्हणजे मी तुमची मावशी नव्हे. माझं नाव डायसी बाउलर."

मागे कुणीतरी खुसखुसलं. एनॉसचे कान लाल झाले. त्याने हॅट काढली. "माफ करा, बाउलरबाई. बोला."

"पूल जाळणार म्हणे?"

"हुकूम आहे."

"जाळायला किती वेळ?"

"अर्धा तास."

"माझा नवरा हाच पूल पाच मिनिटांत पाडेल." तिने खेचरावरूनच तुळयांकडे बोट केलं. "अकरा वर्षांपूर्वी त्यानेच बांधलाय. मालकाने नाव आपलं लावलं, पण मेखा प्राइमसने ठोकल्या. कुठली मेख काढली की हा गुडघे टेकतो, ते त्याला ठाऊक आहे. तुम्ही आमच्यासाठी थांबा. आम्ही तुमचा पूल पाडून देतो."

"कुठे आहे प्राइमस?"

"रांगेच्या शेवटी. म्हातारी आई पाठीवर आहे त्याच्या."

क्रॅब कॅप्टनच्या कानाशी लागला. "मास्तर, थाप असली तर?"

"थाप असती," डायसी म्हणाली, तिचे कान तिखट होते, "तर मी त्याला सगळ्यांत पुढे आणून ठेवला असता. शेवटी कशाला ठेवीन?"

एनॉसने रस्त्याकडे पाहिलं. एक मुलगी कोंबडी छातीशी धरून पुलावर चढत होती आणि फळ्यांच्या फटींतून खालचं पाणी बघून थबकत होती. मागून तिची आई, मागे गाडी, मागे गाडी, मागे गाडी. त्याला ती कुंपणांची गल्ली आठवली. माणसं त्याच्याकडे बघत होती. आता मास्तर विचारतील, कुणाला काय वाटतं.

त्याने विचारलं नाही.

"क्रॅब, दहा स्वार घे आणि वीस मोकळे घोडे. थेट शेपटापर्यंत जा. ज्यांना चालवत नाही त्यांना उचलून आण. गाड्या जिथल्या तिथं सोडायला लाव, बैल सोडून हाका. पंधरा जण माझ्याबरोबर, त्या वळणावर, पडलेल्या ओंडक्यांमागे. बाकीच्यांनी पुलावर हात धरून माणसं काढायची. कुणी थबकायचं नाही. बाउलरबाई, तुमची माणसं माझं ऐकणार नाहीत, तुमचं ऐकतील. गाड्या सोडायला तुम्ही सांगा."

"आणि पूल?" क्रॅबने विचारलं.

"शेवटचा माणूस पार होईपर्यंत पुलाला काडी लागणार नाही."

क्रॅबने लगाम हातात घेतला. मग म्हणाला, "हे कर्नलला काय सांगायचं ते तुम्ही सांगा. मी वाचायला कच्चा आहे," आणि घोड्यावर उडी मारून निघाला.

गाड्या सोडायला लावणं सोपं नव्हतं. आयुष्यात पहिल्यांदा स्वतःचं म्हणून जे काही हाताला लागलं होतं, ते त्या गाड्यांत होतं. एक जण लोखंडी कढई सोडेना. डायसी खेचरावरून रांगेच्या कडेकडेने ओरडत चालली होती. "कढई पुन्हा मिळेल, पाय पुन्हा मिळणार नाहीत! चल, हल! ती गादी टाक, सॅली, तुझ्या पाठीवर पोर मावेल का गादी? टाक म्हणते ना!" कढईवाल्याने कढई डोक्यावर पालथी घातली आणि तसाच पळत सुटला. एवढं मात्र तिने चालवून घेतलं.

एनॉस वळणावर ओंडक्यामागे पंधरा जणांत पडून राहिला. अकरा वाजून गेले. घड्याळ त्याने खिशात ठेवून दिलं.

दीड मैलावर दलदलीतून ओंडके टाकून केलेला रस्ता होता. हवा स्तब्ध होती. एनॉसने डोळे मिटले. आधी काहीच नाही, फक्त बेडूक. मग दूर कुठेतरी लाकडावर पाऊस पडावा तसं काहीतरी सुरू झालं.

"आले," शेजारचा ओटिस मेरिल म्हणाला. तो तुकडीचा नालबंद.

"थांब," एनॉस म्हणाला. तो ऐकत राहिला. दुडक्या चालीत दोन ठोके पडतात, हे त्याला आता झोपेतही सांगता आलं असतं. इथे चार पडत होते, सुटे सुटे. आणि मधूनमधून एक ठोका मऊ. "चालत येतायत. घोडे दमलेत. कित्येकांचे नाल गेलेत. वीस मिनिटं आहेत आपल्याजवळ, कदाचित जास्तच."

मेरिलने त्याच्याकडे पाहिलं आणि बंदुकीचा घोडा हळूच खाली केला.

दहा मिनिटांनी क्रॅबची टोळी शेवटची खेप घेऊन चिखल उडवत परतली. प्रत्येक खोगिरावर दोन-दोन, तीन-तीन जण. क्रॅबच्या पुढ्यात एक पाप्याचं पितर झालेली म्हातारी बसली होती आणि त्याच्या दाढीला धरून तोल सांभाळत होती. मागून एक रुंद खांद्यांचा माणूस हातात घण घेऊन पळत आला. तोच प्राइमस. आईला घोड्यावर दिल्यावर तो स्वतः मात्र पायीच आला होता.

"कॅप्टन," तो धापा टाकत म्हणाला, "मी खाली उतरतो. चार मेखा आधी सैल करून ठेवीन. पाचवी शेवटी. मी हाक मारली की मागे वळून बघायचं नाही, पळायचं."

"तू पाण्यात असशील."

"बांधतानाही मी पाण्यातच होतो. तेव्हा जानेवारी होता."

शत्रूची पहिली फळी वळणावर आली तेव्हा रांगेतली शेवटची शंभरेक माणसं पुलावर होती. करड्या डगल्यांचे वीसेक स्वार. समोर नुसतं रान आहे असं समजून ते निवांत येत होते. एनॉसने हात वर केला. "घोड्यांवर," तो म्हणाला, "माणसांवर नाही. पहिली फैर घोड्यांवर." पंधरा बंदुका एकदम उडाल्या. रस्त्यात घोडे कोसळले, मागचे पुढच्यांवर आदळले, आणि अरुंद वाटेवर अशी गाठ बसली की ती सोडवण्यातच त्यांची दहा मिनिटं गेली. घोड्यांचं ओरडणं एनॉसला पुढे बरीच वर्षं झोपेत ऐकू यायचं.

मग ते उतरून रानातून पुढे सरकू लागले. मेरिलच्या मांडीत गोळी लागली. क्रॅबच्या कानाची पाळी उडाली, आणि त्याने ज्या शिव्या दिल्या त्या गॅलीनाच्या खेचरांनीच ऐकल्या असतील. एनॉसने मागे पाहिलं. पूल रिकामा होता. पलीकडच्या काठावर डायसी खेचरावर ताठ बसून निळं फडकं हलवत होती.

"चला!" तो ओरडला. आयुष्यात पहिल्यांदा तो इतक्या मोठ्याने ओरडला होता. मेरिलला दोघांनी उचललं. सगळे पुलावरून धावले. एनॉस शेवटचा. त्याच्या घोड्याने मध्यावर पाय रोवले, कारण फळ्या आता पडायला आलेल्या दातांसारख्या हलत होत्या. गोळ्या कठड्याच्या ढलप्या उडवत होत्या. एनॉस खाली उतरला, लगाम धरला, आणि घोड्याशी अगदी हळू, बेसूर गाणाऱ्या पोराशी बोलावं तसं बोलत त्याला एकेक पाऊल पुढे आणू लागला. पलीकडून क्रॅब गळा फाडून ओरडत होता, "मास्तर, त्याला नंतर समजवा!"

काठाला पाय लागले आणि खालून हाक आली. मग घणाचा एकच ठोका. पूल आधी कण्हला, मग मधूनच खचला आणि खरोखर गुडघे टेकावेत तसा पाण्यात बसला. फळ्या, तुळया, सगळं पिवळ्या पाण्यात फिरत निघून गेलं. प्राइमस कुठे दिसेना. डायसीने फडकं खाली केलं. मग साठेक पावलं खाली, लव्हाळ्यांत, एक हात वर आला. त्या हातात घण होता.

"अवजार सोडलं नाही मेल्याने," डायसी म्हणाली, आणि खेचराच्या मानेवर डोकं टेकून रडली.

त्या दिवशी चारशे बारा माणसं नदीपार झाली. पूल बारा वाजून पाच मिनिटांनी पडला.

मेजर लडलोने तक्रार केली. का करू नये? हुकूम मोडला होता. चौकशी झाली. कर्नल म्हातारा होता, मूळचा न्यायाधीश. त्याने एनॉसला एकच प्रश्न विचारला, "पुन्हा असा प्रसंग आला तर?"

"मी पुन्हा थांबेन, सर. फक्त थोडं आधी ठरवेन."

कर्नलने मिशी चावत नोंदवहीत दोन ओळी लिहिल्या. शेवटी पलटणीसमोर कॅप्टन हॅडलीला ताकीद वाचून दाखवली गेली. रांगेत उभं राहून ती ऐकताना एनॉसला शरम वाटली, हे खरं. पण ताकीद संपल्यावर कर्नलने त्याच सुरात पुढचा कागद वाचला. पूल बांधणाऱ्या पथकात प्राइमस बाउलरला सुतार म्हणून पगारावर घेतलं होतं. रांगेतून टाळ्या पडल्या. टाळ्या नक्की कशाला आहेत हे विचारायचं मेजरने टाळलं.

हिवाळ्यात पलटणीचा मुक्काम मेम्फिसबाहेर होता. नदीपार झालेल्यांतले चाळीसेक तरुण काळ्या सैनिकांच्या तोफखान्यात भरती झाले. बाकीच्यांना छावणीपलीकडे, मालक पळून गेलेल्या एका मळ्यावर जमीन मिळाली. जमीन मिळाली, पण नांगराला जनावर नव्हतं. फेब्रुवारीत डायसी एनॉसच्या तंबूत आली आणि विचारल्याशिवाय पेटीवर बसली.

"कॅप्टन, तुमच्याकडे लंगडे घोडे किती?"

एनॉसने सैन्याने बाद ठरवलेल्या घोड्यांसाठी अर्ज केला. तो परत आला. दुसरा केला. तो हरवला. तिसरा घेऊन एनॉस स्वतःच कचेरीत गेला आणि दारात बसून राहिला. मार्चमध्ये अठरा घोडे मळ्यावर गेले.

दोन दिवसांनी दुपारी तो आणि क्रॅब बघायला गेले. प्राइमस दोन म्हाताऱ्या घोड्यांमागे नांगर धरून होता. काळी, ओली माती उलटत होती. घोडे शहाण्यासारखे चालत होते. तेवढ्यात छावणीत घोड्यांना पाणी पाजायला नेण्याचा बिगूल वाजला.

दोन्ही घोड्यांनी कान टवकारले. तीन-साडेतीन वर्षं त्यांनी ही हाक पाळली होती. त्यांनी नांगराचं सरळ तास सोडून दिलं आणि नांगरासकट, प्राइमससकट, शेताच्या मधून तिरपे थेट नदीकडे निघाले.

"हो! हो! अरे हो!" प्राइमस नांगराला लोंबकळत ओरडत होता आणि हसत होता. त्याच्यामागे शेतात एक वेडंवाकडं तास काढलं जात होतं. पोरं किंचाळत मागे धावत सुटली. क्रॅब कुंपणाला धरून खाली बसला. हसू त्याच्या फुटक्या कानापर्यंत पोचलं होतं.

डायसी बांधावरून एनॉसवर कडाडली. "कॅप्टन! तुमच्या त्या पिपाणीवाल्याला सांगा, नांगरणी होईपर्यंत तोंड मिटून बस म्हणावं!"

"मी सांगतो, बाउलरबाई," एनॉस म्हणाला. "पण ते तास?"

तिने तिरप्या तासाकडे पाहिलं. मग कमरेच्या पिशवीत हात घातला आणि मक्याचे दाणे त्यातही टाकत चालू लागली. "माती उलटलीय ना? वाया कशाला घालवायची?"

एप्रिलमध्ये लढाई संपली. जूनच्या अखेरीस तुकडी घरी निघाली तेव्हा एल्डर ग्रोव्हचे अडतीस जण उरले होते. मळ्यावरून जाताना रस्त्यातून ते तिरपं तास स्पष्ट दिसत होतं. त्यातला मकाही कमरेच्या वर गेला होता.